दौऱ्यावरील गायक आणि खांद्यावरील कॅमेरा : डी. ए. पेनबेकर यांच्या संगीतविषयक अनुबोधपटांचा विचार

प्रास्ताविक

अनुबोधपट या चित्रप्रकाराचा विचार आपल्याकडे दीर्घकाळ निवेदनाच्या अंगाने होत आला आहे. १९४८ मध्ये मुंबईत स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचे लघुपट चित्रपटगृहांतून मुख्य चित्रपटाआधी सक्तीने दाखविले जात. त्यांतील पडद्याबाहेरून येणारा भारदस्त आवाज हीच सर्वसामान्य प्रेक्षकाच्या लेखी अनुबोधपटाची ओळख होती. आधी आवाज, मग त्याला पुरावा म्हणून चित्र, असा तो क्रम असे. ज्या अनुबोधपटात निवेदन नाही, दिग्दर्शकाने घेतलेली मुलाखत नाही, काय घडले व का घडले हे सांगणारे कोणीच नाही, असा अनुबोधपट नेमके काय सांगतो आणि तो जे सांगतो त्यावर कितपत विसंबावे, हा प्रश्न म्हणूनच आपल्या प्रेक्षकाला थोडा अपरिचित वाटतो. जनसंवाद, संगीत व समाजशास्त्र या तिन्ही विषयांच्या अध्यापकांना तो विचारात घेण्याजोगा आहे.

प्रस्तुत लेखात या प्रश्नाचा विचार अमेरिकन अनुबोधपटकार डॉन अ‍ॅलन पेनबेकर (१९२५–२०१९) यांच्या कामाच्या आधारे केला आहे. राजकारण, न्यायालयीन व सामाजिक विषय त्यांना वर्ज्य नव्हते. १९९२ च्या अध्यक्षीय निवडणुकीतील बिल क्लिंटन यांच्या प्रचारयंत्रणेवरील ‘द वॉर रूम’ (१९९३) या त्यांच्या चित्रपटाला ऑस्करचे नामांकनही मिळाले होते. तथापि चित्रपटाच्या इतिहासात त्यांचे नाव मुख्यतः जोडले गेले आहे ते दौऱ्यावर निघालेल्या गायक-वादकांच्या चित्रणाशी. रंगमंचावरचा कलावंत सर्वांनाच दिसतो. दोन कार्यक्रमांच्या मधला, मोटारीतला, हॉटेलच्या खोलीतला, वार्ताहरांच्या गराड्यातला कलावंत पेनबेकर यांनी पडद्यावर आणला. असे करताना त्यांनी काही प्रश्न सोडविले आणि काही नवे निर्माण केले.

अभियंत्याची दृष्टी

पेनबेकर यांचा जन्म इलिनॉय राज्यातील इव्हॅन्स्टन येथे झाला. वडील व्यावसायिक छायाचित्रकार होते. येल विद्यापीठात त्यांनी यंत्र अभियांत्रिकीचे शिक्षण घेतले, काही काळ नौदलात काढला आणि नंतर अभियंता म्हणून व्यवसायही केला. चित्रपटाकडे ते वळले ते तिशीच्या उंबरठ्यावर. त्यांचा पहिला लघुपट ‘डेब्रेक एक्स्प्रेस’ १९५३ मध्ये चित्रित झाला. न्यूयॉर्कच्या थर्ड अ‍ॅव्हेन्यूवरून जाणाऱ्या उन्नत रेल्वेची पहाटेची पाच मिनिटे, आणि त्यावर ड्यूक एलिंग्टन यांच्या वाद्यवृंदाची त्याच नावाची ध्वनिमुद्रिका, एवढाच त्याचा ऐवज. ती रेल्वे पुढे लवकरच मोडीत निघाली. विषय नाहीसा होण्यापूर्वी त्याला गाठणे आणि चित्राची लय संगीताकडून घेणे, या पेनबेकर यांच्या दोन्ही सवयी या छोट्याशा प्रयोगातच दिसतात.

१९५० च्या दशकाच्या अखेरीस ते ‘लाइफ’ साप्ताहिकातून बाहेर पडलेल्या रॉबर्ट ड्र्यू यांच्या गटात सामील झाले. रिचर्ड लीकॉक, अल्बर्ट मेझल्स ही मंडळी त्याच गटातली. या गटाचा ‘प्रायमरी’ (१९६०) हा चित्रपट विस्कॉन्सिन राज्यातील प्राथमिक निवडणुकीत जॉन केनेडी व ह्यूबर्ट हम्फ्री यांच्या मागोमाग फिरतो. ‘डायरेक्ट सिनेमा’ या नावाने पुढे ओळखल्या गेलेल्या पद्धतीचा तो आरंभ मानला जातो. जे घडत आहे त्यात ढवळाढवळ न करता ते टिपावे, कोणाला काही पुन्हा करावयास सांगू नये, दिवे लावू नयेत, प्रश्न विचारू नयेत, ही तिची सूत्रे.

ही सूत्रे केवळ तत्त्वनिष्ठेतून आलेली नव्हती, हे आवर्जून सांगावयास हवे. त्यांच्यामागे एक यांत्रिक अडचण आणि तिची सोडवणूक होती. तोवरचा ध्वनिचित्रण करणारा कॅमेरा जड असे, त्याच्या मोटारीचा आवाज ध्वनिमुद्रणात शिरे, म्हणून त्यावर ध्वनिरोधक आवरण चढवावे लागे, आणि मग तो तिपाईवरून हलविणे अशक्य होई. आवाज स्वतंत्र फितीवर घ्यावयाचा तर आणखी एक पेच उभा राही. कॅमेऱ्यातील फिल्म व ध्वनिमुद्रकातील फीत यांची गती तंतोतंत एक नसेल तर काही मिनिटांतच ओठ आणि शब्द यांची फारकत होते. दोन यंत्रे तारेने जोडणे हा त्यावरचा तात्पुरता उपाय होता, परंतु त्यामुळे छायालेखक व ध्वनिमुद्रक हे एका दावणीला बांधलेल्या बैलांसारखे होत. ड्र्यू यांच्या गटाने, आणि त्यात पेनबेकर यांच्यासारख्या अभियंत्याने, या दोन्ही यंत्रांना परस्परांपासून मोकळे करून सारख्या अचूक गतीने चालविण्याचे मार्ग शोधले. ‘प्रायमरी’च्या वेळी कंपनकाट्यावर चालणाऱ्या मनगटी घड्याळाच्या यंत्रणेचा उपयोग करण्यात आला, नंतर स्फटिकाच्या कंपनांवर मोटारीची गती नियंत्रित करणारी यंत्रे आली. स्वित्झर्लंडमध्ये स्टीफन कुडेल्स्की यांनी तयार केलेला नाग्रा हा खांद्याला अडकविता येण्याजोगा ध्वनिमुद्रक याच सुमारास उपलब्ध झाला. १६ मिलिमीटरचा कॅमेरा, नाग्रा आणि मंद प्रकाशातही चालणारी कृष्णधवल फिल्म एवढे साहित्य घेऊन दोन माणसे आता टॅक्सीत बसू शकत होती.

चारशे फूट फिल्म सुमारे अकरा मिनिटे चालते. त्यानंतर पेटी बदलावी लागते. ज्या घटनेची पूर्वसूचना नाही तिच्यासमोर उभ्या असलेल्या छायालेखकाला कॅमेरा केव्हा सुरू करावा आणि केव्हा थांबवावा याचा निर्णय दर क्षणी घ्यावा लागे. आज भ्रमणध्वनीवर तासन् तास चित्रण करणाऱ्या आपल्या विद्यार्थ्यांना या काटकसरीची कल्पना देणे कठीण जाते. मात्र हीच काटकसर त्या काळातील चित्रणाच्या एकाग्रतेचे कारण होती, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे.

दौरा हा विषय का?

स्टीफन मँबर या अभ्यासकाने १९७४ मधील आपल्या ग्रंथात असे दाखवून दिले की, ड्र्यू गटाचे चित्रपट बहुधा एखाद्या पेचप्रसंगाभोवती रचलेले असतात. निवडणूक, मोटारींची शर्यत, फाशीची शिक्षा टळेल की नाही हा प्रश्न. दिग्दर्शकाने काही रचावयाचे नाही असा नियम असेल तर रचना आयती पुरविणारा प्रसंग शोधणे भाग पडते. दौरा हा असाच, किंबहुना याहून सोयीचा प्रसंग आहे. त्याला आगमन आहे, प्रस्थान आहे, गावांची ओळ आहे, शेवटी एक मोठे सभागृह आहे. शिवाय त्यात पुनरावृत्ती आहे. तेच गाणे, तीच टाळी, तोच प्रश्न रोज नव्या गावी येतो आणि त्या सारखेपणातच माणसाचा बदलता स्वभाव उघडा पडतो. निवडणुकीला निकाल असतो. दौऱ्याला तो नसतो, फक्त थकवा असतो. पेनबेकर यांना पेचप्रसंगाच्या साच्यातून बाहेर पडण्याची वाट या थकव्याने दाखविली.

१९६३ मध्ये लीकॉक व पेनबेकर यांनी ड्र्यू यांच्यापासून वेगळे होऊन स्वतःची संस्था काढली. १९६५ च्या आरंभी गायक बॉब डिलनचा व्यवस्थापक अल्बर्ट ग्रॉसमन त्यांच्याकडे आला. डिलन इंग्लंडला जात होता, त्याच्यासोबत जाऊन चित्रण कराल काय, अशी विचारणा त्याने केली. त्यातून ‘डोन्ट लुक बॅक’ (१९६७) हा शहाण्णव मिनिटांचा चित्रपट घडला. इंग्रजी शीर्षकात ‘डोन्ट’ या शब्दातील लोपचिन्ह पेनबेकर यांनी जाणीवपूर्वक गाळले आहे.

१९६५ चा वसंत

दौऱ्याचा काळ लक्षात घेतल्याशिवाय या चित्रपटाचे मर्म कळत नाही. डिलन त्या वेळी तेवीस वर्षांचा होता. ३० एप्रिल १९६५ रोजी शेफील्ड येथे पहिला कार्यक्रम झाला. पुढे लिव्हरपूल, लेस्टर, बर्मिंगहॅम, न्यूकॅसल, मँचेस्टर, आणि ९ व १० मे रोजी लंडनचा रॉयल अल्बर्ट हॉल. रंगमंचावर तो एकटा, हाती साधी गिटार, गळ्याशी माउथ ऑर्गन, अशा लोकगायकाच्या वेशात उभा राहत होता. पण मार्च महिन्यात त्याची जी ध्वनिमुद्रिका बाजारात आली होती तिच्या एका बाजूवर विजेची गिटार व साथीचा संच होता. जुलैच्या २५ तारखेला न्यूपोर्ट येथील लोकसंगीत महोत्सवात तो विजेची गिटार घेऊन उभा राहिला आणि श्रोत्यांत वादळ उठले. म्हणजे इंग्लंडचा हा दौरा एका रूपातून निघालेल्या व दुसऱ्या रूपात अद्याप न पोचलेल्या कलावंताचा होता. लोक ज्यासाठी टाळ्या वाजवीत होते ते त्याने मनातून मागे टाकले होते. हे चित्रपटात कोणीही बोलून दाखवीत नाही. मात्र हे ठाऊक असलेल्या प्रेक्षकाला त्याच्या चेहऱ्यावरचा कंटाळा वेगळ्या रीतीने वाचता येतो.

चित्रपटाचा आरंभ सर्वांच्या परिचयाचा आहे. लंडनच्या सॅव्हॉय हॉटेलमागील गल्लीत डिलन उभा आहे. ‘सबटेरेनियन होमसिक ब्लूज’ हे गाणे वाजत आहे आणि तो त्यातील सुटे शब्द लिहिलेले मोठे पुठ्ठे एकामागून एक खाली टाकतो आहे. मागे कवी अ‍ॅलन गिन्सबर्ग कोणाशी तरी बोलत उभा दिसतो. संगीतपटांच्या इतिहासात या दृश्याला पुढे मोठा मान मिळाला. पण ज्या चित्रपटाची ख्याती ‘काहीही न रचलेला’ अशी आहे त्याचे पहिलेच दृश्य पूर्णपणे रचलेले आहे, आणि त्याची कल्पना दिग्दर्शकाची नसून ज्याचे चित्रण करावयाचे त्याची आहे, ही गोष्ट डायरेक्ट सिनेमाच्या पाठ्यपुस्तकी व्याख्येत बसत नाही. पेनबेकर यांनी ती लपविली नाही. उलट सर्वांत पुढे ठेवली. हा माणूस कॅमेऱ्यासमोर काय करावयाचे ते स्वतः ठरवितो, एवढे त्यांनी प्रेक्षकाला आरंभीच सांगून टाकले, असा त्याचा अर्थ लावता येईल.

खोल्या, टेलिफोन, पाहुणे

यानंतर चित्रपट बहुतांशी खोल्यांमधून वावरतो. रंगमंचावरची बहुतेक गाणी अपुरी आहेत. एखादे कडवे ऐकू येते आणि संकलक आपल्याला पुन्हा मोटारीत किंवा विंगेत नेतो. संगीताच्या अभ्यासकांनी याबद्दल तक्रार करावी हे साहजिक आहे. परंतु गाणे पूर्ण ऐकावयाचे तर ध्वनिमुद्रिका आहेत. गाण्याच्या आधीची व नंतरची अर्धी मिनिटे कोठेच मिळत नाहीत. कलावंत गिटार जुळवितो, कोणीतरी दार उघडतो, अंधारातून प्रकाशाचा एक चौकोन दिसतो, आणि मग तो चौकोन त्याला गिळतो. हे पेनबेकर यांचे खरे साहित्य आहे.

या खोल्यांतील दोन प्रसंगांची चर्चा समीक्षेत वारंवार होते. एकात विज्ञान शाखेचा एक विद्यार्थी विद्यार्थी-नियतकालिकासाठी मुलाखत घ्यावयास येतो आणि डिलन त्याची पुरती शोभा करतो. दुसऱ्यात ‘टाइम’ साप्ताहिकाचे वार्ताहर होरेस जडसन यांच्यावर तो सरबत्ती करतो. हे चातुर्य पाहताना प्रथम मौज वाटते. दुसऱ्यांदा पाहताना लक्ष डिलनकडून समोरच्या माणसाकडे जाते, आणि मौज ओसरते. जडसन हे पुढे विज्ञानाचे नामवंत इतिहासलेखक झाले. ती सरबत्ती कॅमेऱ्यासाठी घडवून आणलेली होती, असे त्यांचे नंतरही मत होते. कॅमेरा नसता तर डिलन तसा बोलला असता काय, याचे उत्तर चित्रपटाच्या आत शोधून सापडणार नाही. अनुबोधपटाची मर्यादा येथे नेमकी दिसते. जे घडले ते कॅमेऱ्याने अचूक नोंदविले, पण ते का घडले याच्या कारणांत तो स्वतःच एक कारण आहे.

प्रस्तुत लेखकाला यांहून अधिक मोलाचा वाटतो तो टेलिफोनचा प्रसंग. अल्बर्ट ग्रॉसमन आणि इंग्लंडमधील कार्यक्रम-आयोजक टिटो बर्न्स एका कार्यालयात बसून दूरचित्रवाणीवरील कार्यक्रमाचे मोल ठरवीत आहेत. एका फोनवर बीबीसी, दुसऱ्या फोनवर ग्रॅनडा. एकाची बोली दुसऱ्याला, दुसऱ्याची पहिल्याला, थोडी फुगवून. ग्रॉसमन शांत, स्थूल, जवळजवळ निद्रिस्त. बर्न्स उत्साही, हसरा. डिलन या प्रसंगात नाही. गाणे नाही. निषेधाची, न्यायाची, काळ बदलण्याची गाणी ज्या व्यवहारावर उभी राहून गावोगाव पोचतात तो व्यवहार मात्र येथे आपल्यासमोर होतो, आणि त्यावर टीकेचा एक शब्दही येत नाही. संगीताच्या अर्थकारणावरील व्याख्यानापेक्षा ही काही मिनिटे अधिक शिकवून जातात. नाटक कंपन्यांचे कंत्राटदार आणि जलशांचे ठेकेदार यांच्या आठवणी वाचलेल्या मराठी वाचकाला हा बाजार अनोळखी वाटणार नाही.

आणि जोन बाएझ. १९६३ मध्ये ती डिलनहून कितीतरी अधिक प्रसिद्ध होती. आपल्या कार्यक्रमांत त्याला रंगमंचावर बोलावून तिने त्याला आपला श्रोतृवर्ग दिला होता. १९६५ मध्ये ती त्याच्यासोबत इंग्लंडला आली, परंतु त्याने तिला एकदाही रंगमंचावर बोलाविले नाही. चित्रपटात ती हॉटेलच्या खोलीत गात बसलेली दिसते. डिलन तिच्याकडे पाठ करून टंकलेखनयंत्रावर काहीतरी बडवीत असतो. पुढे केव्हातरी ती एका दारातून बाहेर जाते आणि चित्रपटात परत येत नाही. बाएझने १९८७ मधील आत्मचरित्रात या दौऱ्याच्या वेदनेविषयी स्वतः लिहिले आहे. म्हणजे आज आपल्याजवळ त्या दाराच्या दोन्ही बाजू आहेत. १९६७ च्या प्रेक्षकाजवळ एकच होती.

एका ठिकाणी मात्र पेनबेकर यांनी आपला नियम मोडला. बीबीसीच्या आफ्रिकाविषयक सेवेचा एक वार्ताहर डिलनला विचारतो की, या सर्वांचा आरंभ कसा झाला. उत्तर येण्याऐवजी पडद्यावर मिसिसिपी राज्यातील ग्रीनवुड येथील १९६३ च्या उन्हाळ्यातले एक शेत येते. कृष्णवर्णीयांच्या मतदार नोंदणीच्या चळवळीतील त्या सभेत पोरसवदा डिलन मेडगर एव्हर्स यांच्या हत्येवरील आपले गाणे गातो आहे. हे चित्रण एड एम्शविलर यांनी केलेले, पेनबेकर यांचे नव्हे. तेथून चित्र परत येते ते इंग्लंडमधील सभागृहातील टाळ्यांवर. शेत आणि सभागृह यांतील अंतर दोन वर्षांचे. निवेदकाने चार परिच्छेदांत जे सांगितले असते ते एका सांध्याने सांगितले गेले. त्याचबरोबर हेही सिद्ध झाले की, निवेदन काढून टाकले तरी निवेदक जात नाही. तो संकलनाच्या मेजावर जाऊन बसतो.

अनुमतीचा प्रश्न

या चित्रपटाच्या श्रेयनामावलीत निर्माते म्हणून जॉन कोर्ट व अल्बर्ट ग्रॉसमन यांची नावे आहेत. ज्याचे चित्रण करावयाचे त्याचाच व्यवस्थापक निर्माता असेल तर चित्रपटाची सचोटी कशी मोजावी? पेनबेकर यांनी नंतर सांगितलेली हकीगत अशी की, चित्रपट प्रथम पाहिल्यावर डिलनने बरेच बदल करावे लागतील असे म्हटले, दुसऱ्या दिवशी तो टिपणवही घेऊन पुन्हा पाहावयास आला, आणि शेवटी वही कोरीच ठेवून जसा आहे तसा चालेल असे त्याने सांगितले. ही हकीगत आकर्षक आहे, पण ती एका पक्षाची आहे. तिच्याहून भक्कम पुरावा चित्रपटातच आहे. टेलिफोनचा प्रसंग आणि बाएझची खोली हे दोन्ही भाग डिलन वा ग्रॉसमन यांची प्रतिमा उजळणारे नाहीत, आणि तरी ते तेथे आहेत.

पण दुसरा प्रश्न याहून अवघड आहे. डिलनची अनुमती होती. विज्ञानाच्या त्या विद्यार्थ्याची? खिडकीखाली उभे राहून हाका मारणाऱ्या मुलींची? खोलीतून प्याला रस्त्यावर कोणी फेकला यावरून झालेल्या भांडणात ओढल्या गेलेल्या त्या मद्यधुंद पाहुण्याची? ज्याच्या हाती सत्ता आहे तो कॅमेऱ्याला आत घेतो, आणि मग त्याच्या खोलीत येणारा प्रत्येक जण न विचारता चित्रपटाचा भाग होतो. निरीक्षणात्मक अनुबोधपटाची नैतिक कोंडी येथे आहे, आणि ती पेनबेकर यांच्यापुरती मर्यादित नाही. अल्बर्ट व डेव्हिड मेझल्स आणि शार्लट झ्वेरिन यांचा ‘गिमे शेल्टर’ (१९७०) हा रोलिंग स्टोन्सच्या १९६९ च्या अमेरिकन दौऱ्यावरील चित्रपट घ्यावा. ६ डिसेंबर १९६९ रोजी कॅलिफोर्नियातील आल्टमाँट येथील विनामूल्य कार्यक्रमात मेरेडिथ हंटर या अठरा वर्षांच्या कृष्णवर्णीय तरुणाचा भोसकून खून झाला आणि तो कॅमेऱ्यात नोंदला गेला. चित्रपटात मिक जॅगर संकलनाच्या यंत्रावर ते दृश्य पुढे-मागे करून पाहतो. खून झालेल्या तरुणाला मात्र आपले चित्रण पाहण्याची, त्यावर काही म्हणण्याची संधी नाही. त्या चित्रपटावर तेव्हाच कठोर टीका झाली. आजही वर्गात तो दाखविल्यानंतर विद्यार्थ्यांत दोन तट पडतात.

माँटेरे आणि सतार

दौऱ्याच्या विषयाला थोडे बाजूला सारून येथे ‘माँटेरे पॉप’ (१९६८) या चित्रपटाची नोंद घेणे आवश्यक वाटते, कारण त्यात आपले संगीत आहे. जून १९६७ मध्ये १६ ते १८ या तारखांना कॅलिफोर्नियातील माँटेरे येथे भरलेल्या महोत्सवाचे चित्रण पेनबेकर यांनी लीकॉक, अल्बर्ट मेझल्स आदी छायालेखकांसह केले. जॅनिस जॉप्लिन, ओटिस रेडिंग, जिमी हेंड्रिक्स अशी नावे त्यात आहेत. हेंड्रिक्सने गिटार पेटविल्याचे प्रसिद्ध दृश्यही यातलेच. पण चित्रपटाचा शेवट त्यावर होत नाही. तो होतो पंडित रविशंकर यांच्या सतारीवर. सुमारे अठरा मिनिटे, म्हणजे चित्रपटाचा जवळजवळ चौथा भाग, त्यांना दिला आहे. तबल्यावर उस्ताद अल्लारखाँ आहेत, तानपुऱ्यावर कमला चक्रवर्ती.

या अठरा मिनिटांची रचना पाहण्यासारखी आहे. सतार ऐकू येऊ लागते तेव्हा वादक दिसत नाही. कॅमेरा मैदानात फिरतो. फुले माळलेली मुले, झोपलेली माणसे, खुर्च्यांवर बसलेले श्रोते. कितीतरी वेळाने रंगमंच येतो आणि मग सतार-तबल्याची सवाल-जबाबाची चढत जाणारी लय. श्रोत्यांतल्या हेंड्रिक्सचा चेहराही मध्ये येऊन जातो. आपल्या बैठकीत साधारणपणे कलावंत आधी दिसतो व मग स्वर ऐकू येतो. येथे स्वरातून हळूहळू कलावंत प्रकट होतो. पेनबेकर यांना हिंदुस्थानी संगीताचे शिक्षण नव्हते, पण वाढत जाणाऱ्या लयीला किती काळ द्यावा लागतो हे त्यांनी ओळखले, आणि डिलनच्या चित्रपटात कडव्यावर कात्री चालविणाऱ्या याच संकलकाने येथे हात आवरला. एक गंमतीचा दोष मात्र राहिला. चित्रपटात या वादनाचे नाव राग भीमपलास असे दिले गेले. प्रत्यक्षात वाजली ती दादरा व द्रुत त्रितालातील धून. त्या दुपारच्या मैफलीत भीमपलास वाजला होता हे खरे, पण तो हा नव्हे. संगीत विभागातील सहकाऱ्यांना हा फरक पहिल्या मिनिटातच कळेल.

योगायोगाने ‘डोन्ट लुक बॅक’ प्रदर्शित झाला त्याच १९६७ साली फिल्म्स डिव्हिजनचा एस. एन. एस. शास्त्री यांचा ‘आय अ‍ॅम ट्वेंटी’ हा लघुपटही तयार झाला. १९४७ मध्ये जन्मलेल्या तरुणांना बोलते करून शास्त्री यांनी निवेदकाच्या आवाजाऐवजी त्यांचाच आवाज ऐकविला. पद्धत वेगळी, कारण येथे प्रश्नोत्तरे होती. पण सरकारी संस्थेच्या भिंतींतही तो भारदस्त आवाज बाजूला सारण्याची गरज त्याच सुमारास कोणाला तरी वाटली होती, एवढे यावरून दिसते.

नंतरचे दौरे

१९६६ मध्ये डिलन साथीच्या संचासह पुन्हा युरोपात गेला. या वेळी पेनबेकर यांनी रंगीत चित्रण केले, परंतु सूत्रे डिलनच्या हाती होती. त्याने हॉवर्ड आल्क यांच्यासह संकलित केलेला ‘ईट द डॉक्युमेंट’ हा चित्रपट अमेरिकेतील एबीसी वाहिनीने नाकारला. त्यातील चित्रणाचा मोठा भाग पुढे मार्टिन स्कॉर्सेसी यांच्या ‘नो डिरेक्शन होम’ (२००५) या अनुबोधपटात लोकांसमोर आला. ३ जुलै १९७३ रोजी लंडनच्या हॅमरस्मिथ ओडियन येथे डेव्हिड बोवीच्या दौऱ्याचा शेवटचा प्रयोग पेनबेकर यांनी चित्रित केला. रंगमंचावरच बोवीने हा आपला अखेरचा प्रयोग असे जाहीर केले आणि ‘झिगी स्टारडस्ट’ या आपल्या कल्पित व्यक्तिरेखेला निरोप दिला. संच पाहून आलेल्या दिग्दर्शकालाही प्रेक्षागृहाइतकाच धक्का बसावा, हा डायरेक्ट सिनेमाचा एक लाभ.

१९८२ मध्ये पेनबेकर यांनी क्रिस हेजेडस यांच्याशी विवाह केला. तत्पूर्वीपासूनच त्या त्यांच्या सहदिग्दर्शक होत्या, आणि उत्तरकाळातील जवळजवळ सर्व महत्त्वाचे काम या दोघांचे संयुक्त आहे, हे लेखनात पुष्कळदा दुर्लक्षिले जाते. डेव्हिड डॉकिन्स यांच्यासह त्यांनी केलेला ‘१०१’ (१९८९) हा ‘डिपेश मोड’ या इंग्लिश संचाच्या दौऱ्यावरील चित्रपट आहे. १८ जून १९८८ रोजी पॅसाडिना येथील रोझ बोल मैदानावर झालेला दौऱ्यातला एकशेएकावा कार्यक्रम हे त्याचे गंतव्य. येथे दोन प्रवास समांतर चालतात. एक संचाचा, दुसरा बसमधून देशभर प्रवास करीत त्या मैदानाकडे निघालेल्या काही तरुण चाहत्यांचा. १९६५ मध्ये खिडकीखाली उभी राहिलेली मुले तेवीस वर्षांनी चित्रपटाच्या आत आली, त्यांना नावे मिळाली, स्वभाव मिळाले. टेलिफोनच्या प्रसंगाचा वारसाही आहे. मैदानावरचा गल्ला मोजला जातो आणि हिशेबनीसाच्या आनंदाला पारावार राहत नाही. अनुमतीच्या प्रश्नाला पेनबेकर यांनी कधी सैद्धान्तिक उत्तर दिले नाही. या बसकडे मी त्यांचे व्यवहारातील उत्तर म्हणून पाहतो.

१९९८ मध्ये ‘डोन्ट लुक बॅक’ची निवड अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत झाली, आणि २०१२ मध्ये पेनबेकर यांना सन्माननीय ऑस्कर देण्यात आले. अनुबोधपटकाराला हा सन्मान मिळण्याची ती पहिलीच वेळ होती.

वगळलेले

१९६५ च्या चित्रणातून जे गाळले गेले होते त्यातून पेनबेकर यांनी २००७ मध्ये ‘६५ रिव्हिजिटेड’ हा तासाभराचा चित्रपट तयार केला. त्यात गाणी पूर्ण आहेत. डिलन चाहत्यांशी बरा बोलतो, हसतो, त्यांच्या प्रश्नांना उत्तरे देतो. तोच दौरा, तीच फिल्म, तोच छायालेखक, पण माणूस वेगळा. मूळ चित्रपटातील उद्धट तरुण खोटा होता असे यावरून म्हणता येत नाही, कारण तोही त्याच दिवसांत त्याच खोल्यांत वावरत होता. अध्यापनात हे दोन्ही चित्रपट एकत्र दाखवावेत, आणि शक्य तर २००७ चा आधी दाखवावा. त्याच्या शेवटी पुठ्ठ्यांच्या गाण्याचे एक न वापरलेले चित्रण जोडलेले आहे. ते गल्लीतले नाही. सॅव्हॉय हॉटेलच्या गच्चीवरचे आहे. मागे गिन्सबर्ग नाही, ध्वनिमुद्रिकांचा निर्माता टॉम विल्सन उभा आहे, आणि डिलन तेच पुठ्ठे पुन्हा एकेक करून खाली टाकतो आहे.